काका विचारतात, चोर बीटी पेरू का?

सरकी (धागाकर्ती):

मी माटुंग्याला राहते, कनिष्ठ महाविद्यालयात जीवशास्त्र शिकवते. माहेर यवतमाळ जिल्ह्यातलं. धाकट्या काकांची अकरा एकर कोरडवाहू जमीन, त्यातली सात एकर दरवर्षी पऱ्हाटी, म्हणजे कापूस. परवा त्यांचा फोन आला. "गावात चोर बीटीची, म्हणजे मंजुरी नसलेल्या कापूस-बियाण्याची, पाकिटं आलीत. बिल नाही, पावती नाही. पण तणनाशक मारलं तरी पऱ्हाटीला काही होत नाही म्हणतात. तू शास्त्र शिकवतेस. सांग, पेरू का?"

त्याच संध्याकाळी आमच्या इमारतीच्या व्हॉट्सअॅप गटावर निरोप फिरत होता: बिनबियांचं कलिंगड, एकसारखे गोल टोमॅटो, पिवळी भोपळी मिरची, सगळं जीएम आहे, मुलांना देऊ नका.

'जीएम', म्हणजे जनुकीय बदल केलेलं, हा एकच शब्द, पण काकांच्या तोंडी त्याचा अर्थ वेगळा आणि शेजारणीच्या तोंडी वेगळा. म्हणून हा धागा.

आधी शेजारणीचं. भारतात आज व्यापारी लागवडीत असलेलं जनुकीय बदल केलेलं पीक एकच, कापूस. दादरच्या मंडईतला टोमॅटो संकरित असतो, म्हणजे दोन वाणांचा फुलाफुलात घडवलेला संकर. त्यात बाहेरचं जनुक घातलेलं नसतं. बिनबियांच्या कलिंगडात गुणसूत्रांचे दोनाऐवजी तीन संच असतात, म्हणून बी धरत नाही. आपल्या केळ्यातही तेच आहे आणि केळं आपण पिढ्यानपिढ्या खातोय. बीटी वांगं मात्र अगदी दारापर्यंत आलं होतं. केंद्राच्या जनुकीय समितीने, म्हणजे जीईएसीने, ऑक्टोबर २००९ मध्ये त्याला हिरवा कंदील दाखवला. मग तेव्हाचे पर्यावरणमंत्री जयराम रमेश यांनी सात शहरांत जनसुनावण्या घेतल्या, त्यात आपलं नागपूरही होतं, आणि ९ फेब्रुवारी २०१० रोजी त्याला स्थगिती दिली. ती अजून उठलेली नाही. बांगलादेशात मात्र २०१४ पासून शेतकरी बीटी वांगं लावताहेत. बियाण्याला सीमा फारशी कळत नाही, पण कायद्याने आपल्याकडे ते नाही.

आता बीटी म्हणजे काय. बॅसिलस थुरिंजिएन्सिस हा मातीतला जिवाणू. त्याच्या पोटात प्रथिनाचे स्फटिक तयार होतात. बोंडअळीने ते खाल्ले की तिच्या आतड्यातल्या अल्कधर्मी रसात ते विरघळतात, आतड्याच्या पेशींवरच्या ठराविक ग्राहकांना (रिसेप्टरना) चिकटतात आणि पेशींना भोकं पाडतात. अळीचं खाणं बंद होतं, ती मरते. आपलं जठर आम्लधर्मी आहे आणि आपल्या आतड्यात ते ग्राहकच नाहीत. चावी आहे, पण कुलूप नाही. या जिवाणूची फवारणी सेंद्रिय शेतीतसुद्धा चालते. शास्त्रज्ञांनी त्याचं प्रथिन बनवणारं जनुक कापसाच्या पेशीत घातलं, एवढाच फरक. पण हा 'एवढाच' लहान नाही. फवारणी उन्हाने काही दिवसांत निष्प्रभ होते, झाडातलं प्रथिन मात्र पहिल्या पानापासून शेवटच्या बोंडापर्यंत असतं. अळीला उसंत नाही. नंतरच्या सगळ्या कटकटी इथूनच सुरू होतात.

मार्च २००२ मध्ये भारतात बीटी कापसाला परवानगी मिळाली. तंत्रज्ञान मोन्सॅन्टोचं, भागीदार आपल्या जालन्याची महिको. माझं स्वतःचं मत आधीच सांगून टाकते. ते जनुक खरं होतं, त्याने काम केलं. पण ते ज्या पद्धतीने शेतात उतरवलं गेलं, त्यात ते पंधरा वर्षांत खर्चून टाकलं. बोंडअळीबद्दल पुढे सविस्तर लिहीन. तोवर तुमचं ऐकायचं आहे.

—

गिरणगाव:

धागा आवडला. कॉटन ग्रीनला रुईच्या नमुन्यांत माझी एकतीस वर्षं गेली. चिमूटभर रुई घ्यायची, दोन्ही अंगठ्यांत ओढून तंतू समांतर करायचे आणि लांबी सांगायची, हे माझं काम. तुमच्या माटुंग्यातच १९२४ पासून कापूस तंत्रज्ञानाची केंद्रीय संस्था आहे. लांबी, मऊपणा, ताकद हे सगळं तिथे यंत्रावर मोजतात. पूर्वी आम्ही अंगठ्यावर मोजायचो.

एक गोष्ट लोक विसरतात. संकरित कापूस बीटीमुळे आला नाही, तो आधीच होता. फाळणीत सिंध आणि पश्चिम पंजाबचा चांगला कापूस तिकडे गेला आणि मुंबईच्या गिरण्यांना लांब धाग्याची चणचण पडली. आपला देशी कापूस आखूड आणि जाड धाग्याचा. रसशोषक किडींना तो दाद देत नाही, कमी पाण्यावर तगतो, पण बारीक सूत त्यातून निघत नाही. मग लांब धाग्याच्या अमेरिकन जातींवर जोर आला. १९७० साली सुरतेच्या संशोधन केंद्रात सी. टी. पटेल यांनी एच-४ काढलं. जगातलं पहिलं व्यावसायिक संकरित कापूस वाण ते. बीटीचं जनुक आलं तेव्हा ते या संकरितावरच चढवलं गेलं.

माझे वडील लालबागच्या गिरणीत होते. १९८२ चा संप आमच्या घराने अंगावर घेतला. गिरण्यांनी मागितलेला लांब धागा विदर्भातल्या कोरडवाहू शेतकऱ्याच्या माथी कसा बसला, हे आम्हाला मुंबईत बसून दिसलं नाही. तुमच्या काकांना माझा नमस्कार सांगा.

—

पार्लेकर:

मी गेली बारा वर्षं पार्ल्यात सेंद्रिय धान्याचं छोटं दुकान चालवते. 'जीएम' म्हणताच घाबरणाऱ्यांतली मी नाही, पण काही गोष्टी गळी उतरत नाहीत.

जीएम पिकांचं तेल आपण खातोच. सरकीचं तेल फरसाणात जातं. सरकीची पेंड म्हशीला जाते आणि तिचं दूध आपल्या चहात येतं. आयातीचं सोयाबीन तेल अर्जेंटिना आणि ब्राझीलहून येतं, तिथलं बहुतेक सोयाबीन जीएमच. २०२१ मध्ये कोंबड्यांच्या खाद्याचे भाव भडकले, तेव्हा जीएम सोयापेंड आयात करायला सरकारने स्वतः परवानगी दिली, बारा लाख टन, आणि ती उतरवायच्या मोजक्या ठिकाणांत आपलं न्हावाशेवाही होतं. म्हणजे शेतात नको आणि ताटात चालेल? माझं गिऱ्हाईक विचारतं तेव्हा मी काय सांगायचं?

दुसरं, ज्या कंपन्या बियाणं विकतात त्यांचेच चाचणी अहवाल आपण खरे मानायचे. वांग्याच्या वेळचा मोठा आक्षेप हाच होता. तो मला आजही रास्त वाटतो.

—

सरकी:

@पार्लेकर ताई, दुसऱ्या मुद्द्यावर मी पूर्ण तुमच्या बाजूने. स्वतंत्र, सार्वजनिक पैशातून झालेल्या चाचण्या हव्यात आणि कच्ची माहिती खुली हवी.

पहिल्याबद्दल. शुद्ध केलेल्या तेलात प्रथिन आणि डीएनए जवळजवळ उरतच नाहीत, ते गाळणीतच जातात. सरकीत खरं विषारी द्रव्य असतं ते गॉसिपॉल, आणि ते कापसात निसर्गतःच असतं. सरकीचं तेल शुद्ध करावंच लागतं ते मुख्यतः त्यामुळे. खाण्याच्या सुरक्षिततेबद्दल अमेरिकेच्या राष्ट्रीय विज्ञान अकादमीने २०१६ मध्ये शेकडो अभ्यास तपासून मोठा अहवाल काढला. बाजारातली जीएम पिकं खाल्ल्याने साध्या पिकांपेक्षा जास्त धोका असल्याचा पुरावा त्यांना मिळाला नाही. पण त्याच अहवालात असंही आहे की जीएम आल्यावर अमेरिकेत मका, सोयाबीन, कापूस यांच्या उत्पादनवाढीचा वेग वाढल्याचं दिसत नाही. आपण बहुतेक जण यातलं एकच वाक्य उचलतो.

उंदरांना गाठी आल्याचे फोटो अजूनही फिरतात. ते फ्रान्समधल्या २०१२ च्या प्रयोगाचे. प्रत्येक गटात उंदीर फारच थोडे होते, आणि उंदरांची ती जात म्हातारपणी तशाही गाठी धरणारी. त्या नियतकालिकाने २०१३ मध्ये तो लेख मागे घेतला. नंतर तो दुसरीकडे छापला गेला, पण त्यामुळे उंदीर वाढले नाहीत.

तुमचं गिऱ्हाईक मात्र बरोबर विचारतं. माहिती मिळणं हा त्याचा हक्क आहे.

—

पऱ्हाटी_अकोट:

ताई, तुमी चांगलं लिवलं. पण मले वाटते तुमच्या काकाचा प्रश्न अजून कोणी ऐकलाच नाही. ते अळीचं नाही विचारत, ते निंदणाचं, गवत काढायचं विचारतात.

पावसाळ्यात आठ दिवस झड लागली की पऱ्हाटीत गवत कमरेला येते. डवरा (बैलाचं कोळपं) चालत नाही, चिखल असते. निंदाले बाया भेटत नाही, भेटल्या तर मजुरी परवडत नाही. गावात घरोघरी सोयाबीनचंही तेच काम त्याच आठवड्यात निघते. अशा वेळी एक फवारा मारून वावर साफ होत असेल तर शेतकरी काऊन नाही पेरणार?

२०१९ च्या जूनमध्ये आमच्या अकोट तालुक्यातल्या अकोली जहांगीरले शेतकरी संघटनेनं उघड्यावर, पोलिसांच्या देखत हे बियाणं पेरलं. मी होतो तिथं. तवा पर्यावरण कायद्यात पाच वर्षांची कैद होती, हे सगळ्यांले माहीत होतं. चोरून पेरायची लाज वाटते म्हणून लोक आले होते. संघटनेचे संस्थापक शरद जोशी साहेब म्हणायचे, शेतकऱ्याले तंत्रज्ञानाचं स्वातंत्र्य पायजे. २००१ मध्ये गुजरातेत विनापरवाना बीटी सापडलं, सरकारनं ते जाळा म्हटलं. पुढच्याच वर्षी बीटीले परवानगी भेटली. मंग चोर कोण?

—

गिरणगाव:

+१. निंदणाचा मुद्दा आम्हा मुंबईकरांना दिसत नाही.

—

कायदा_फोर्ट:

थोडं कायद्याचं, कारण इथे दोन गोष्टी एकत्र होताहेत. जीएम बियाणं जीईएसीच्या मंजुरीशिवाय पेरणं वा विकणं हा पर्यावरण संरक्षण कायदा, १९८६ खाली बेकायदा. तणनाशक-सहनशील कापसाचा अर्ज महिकोने २०१६ मध्ये मागे घेतला होता, नंतर तो पुन्हा जीईएसीपुढे आला, पण मंजुरी मिळालेली नाही. आज जे पाकिटात आहे त्याला कोणी वाली नाही. उगवलं नाही तर नुकसानभरपाई कोणाकडे मागणार?

आणि लोकांच्या मनातलं 'कंपनी बी राखू देत नाही' हे भारतात तसं खरं नाही. २००१ च्या पीकवाण संरक्षण कायद्यात शेतकऱ्याला आपल्या शेतातलं बी राखण्याचा, पेरण्याचा, देवाणघेवाणीचा, अगदी विकण्याचाही हक्क दिलाय, फक्त ब्रँडचं नाव लावून विकता येत नाही. बी राखता येत नाही ते संकरित असल्यामुळे. पुढच्या पिढीत गुण विखुरतात. 'बी उगवूच न देणारं टर्मिनेटर जनुक' तर जगात कुठेही बाजारात आलेलं नाही.

—

मानखुर्द_लोकल:

मी विद्यार्थी आहे, आमच्या मानखुर्दच्या शेजारी, तुर्भ्याच्या डोंगराखाली भाभा अणुसंशोधन केंद्र आहे. तिथे बियाण्यावर गॅमा किरण सोडून उत्परिवर्तनं घडवतात आणि त्यातून चांगली रोपं निवडतात. टॅग-२४ भुईमूग, टीएयू-१ उडीद ही तिथलीच वाणं. महाराष्ट्रात उडदाच्या शेतांत टीएयू-१ वर्षानुवर्षं राज्य करत होता, म्हणजे आपल्या डोशात आणि पापडात तो असणारच. किरणांनी जनुकांत कुठे कुठे बदल होतो ते आधी ठरलेलं नसतं, तरी जीईएसीकडे जावं लागत नाही. आणि एकच नेमकं जनुक घातलं की दहा वर्षं फायली फिरतात. नियम पद्धतीवर का, तयार झालेल्या रोपावर का नाही?

मे २०२५ मध्ये जनुक-संपादित भाताची दोन वाणं जाहीर झाली, सांबा महसुरीवरून केलेलं 'कमला' आणि एमटीयू १०१० वरून केलेलं 'पुसा डीएसटी राईस १'. यांत बाहेरचं जनुक नाही, क्रिस्पर या जनुक-संपादनाच्या तंत्राने भाताचंच जनुक दुरुस्त केलंय. अशा वाणांना २०२२ पासून जीएमच्या कडक नियमांतून वगळलं आहे.

—

पार्लेकर:

@मानखुर्द_लोकल, बाळा, मुद्दा पटला. पण उडदाचं ते बी शेतकरी घरी राखतो, सरकारी पैशातून निघालंय. भाताचंही तसंच राहिलं तर माझी तक्रार कमी होईल. माझी भीती जनुकाला नाही, गळ्यात पडणाऱ्या पट्ट्याला आहे.

—

सरकी:

पट्टा हा नेमका शब्द. आता बोंडअळीचं लिहिते, कारण माझ्या घराने ते भोगलंय.

शेंदरी बोंडअळी, जिला आता सगळे गुलाबी म्हणतात, ती फुलात शिरते. पाकळ्या आतून जाळ्याने बांधल्यासारख्या मिटलेल्या राहतात, तिला डोमकळी म्हणतात. मग अळी बोंडात जाऊन सरकी खाते, छिद्र बुजतं, बाहेरून बोंड निरोगी दिसतं. फवारा आत पोचत नाही. वेचणीला बोंड फोडलं की कवडी, निम्मा कापूस किडका. म्हणून झाडाच्या आतूनच संरक्षण देणारं बीटी हे तिच्यावरचं खरं औषध होतं. २००२ च्या आसपास देशात कापसाच्या सुमारे १३६ लाख गाठी निघत, २०१३-१४ मध्ये ३९० लाखांच्या पुढे गेल्या. सगळं श्रेय बीटीचं नाही. गुजरातेतलं सिंचन, वाढलेली खतं, नवी कीटकनाशकं, वाढलेलं क्षेत्र हेही होतं. नागपूरच्या केंद्रीय कापूस संशोधन संस्थेचे माजी संचालक केशव क्रांती यांनी ग्लेन स्टोन यांच्यासोबत २०२० मध्ये हेच मांडलं. दुसरीकडे जोनास कॅथेज आणि मार्टिन कैम यांनी २०१२ मध्ये एकरी २४ टक्के वाढ बीटीमुळे दाखवली होती. दोन्ही वाचल्यावर मला वाटतं, पहिल्या वर्षांतला फायदा खरा होता आणि टिकला नाही हेही खरं.

का टिकला नाही? एका पाकिटात ४५० ग्रॅम बीटी आणि सोबत १२० ग्रॅम बिनबीटी बी यायचं. ते बिनबीटी कडेने लावायचं. तिथे बीटीला बळी पडणाऱ्या अळ्या जगतात, त्यांचे पतंग प्रतिकार कमावलेल्या पतंगांशी जुळतात आणि प्रतिकार पातळ होतो. आमच्या अंगणात ती छोटी पुडकी मी लहानपणी खेळायला घेतली आहेत. कोणी लावली नाहीत. दुकानदाराने ती का द्यायची ते सांगितलं नाही, काकांनी विचारलं नाही. एकरातला पाचवा हिस्सा अळीला वाढायला कोण देईल?

आणि संकरितातली गोम तर त्याहून खोल. बीटी संकरित झाडाला जनुक एकाच पालकाकडून आलेलं असतं, त्यामुळे त्याच्या बोंडातल्या सरकीत ते विभागलं जातं. बोलगार्ड-२ या नंतरच्या बीटी बियाण्यात दोन जनुकं. सोळा सरक्यांपैकी सरासरी नऊंत दोन्ही, सहांत एकेकच, एकीत काहीच नाही. सरकी खाणाऱ्या अळीला एकाच बोंडात कमी-जास्त मात्रा मिळते. प्रतिकार शिकायला याहून चांगली शाळा नाही. त्यात लांब मुदतीची वाणं, पाणी असलं की फरदड, म्हणजे वेचणीनंतरही राखलेलं तेच पीक, मार्च-एप्रिलपर्यंत उभी, म्हणजे अळीला बारमाही घर. २०१० मध्ये गुजरातेत पहिल्या जनुकाला प्रतिकार आल्याचं मोन्सॅन्टोनेच मान्य केलं, पुढच्या चार-पाच वर्षांत दुसरंही गेलं.

काही दुसऱ्या देशांत असं झालं नाही. अमेरिकेने बीटी, नपुंसक पतंग सोडणं आणि पराट्या (वेचणीनंतरची कापसाची झाडं) वेळेत काढणं हे एकत्र केलं आणि २०१८ मध्ये ही अळी देशातून हद्दपार झाल्याचं जाहीर केलं. चीनच्या यांगत्से खोऱ्यात शेतकऱ्यांनी संकरिताच्या दुसऱ्या पिढीचं स्वस्त बी पेरलं, त्यात चौथाई झाडं आपोआप बिनबीटी निघाली आणि प्रतिकार मागे हटला. आपल्याकडे सरळ वाणात, म्हणजे बी राखता येईल अशा वाणात बीटी आणायचा सरकारी प्रयत्न झाला, बिकानेरी नरमा. २००९ मध्ये बाजारात आला आणि लगेच मागे घ्यावा लागला, कारण त्यात मोन्सॅन्टोचंच जनुक सापडलं. ती संधी हुकली याचं मला सगळ्यांत जास्त वाईट वाटतं.

२०१७ चा पावसाळा आठवतो. पऱ्हाटी डोक्याएवढी, हवेत दमट उकाडा, अळी थांबेना म्हणून माणसं औषधं मिसळून फवारत होती. यवतमाळ जिल्ह्यात वीसहून जास्त शेतकरी-मजूर विषबाधेने गेले. आमच्या गल्लीतला एक मुलगा आठ दिवस डोळे उघडू शकत नव्हता. वाचला. अळीवरचं फवारणं वाचवायला आणलेल्या बियाण्याच्या शेतात हे झालं.

@पऱ्हाटी_अकोट भाऊ, निंदणाचं तुमचं म्हणणं मी खोडत नाही. मजुरीचं ओझं खरं आहे. पण एकच तणनाशक दरवर्षी मारलं की काही वर्षांत गवतही शिकतं, अळी शिकली तसंच. आणि चोर बीटीच्या पाकिटात बीटी आहे का, किती आहे, हे विकण्याआधी कोणीच तपासलेलं नसतं.

—

पऱ्हाटी_अकोट:

बरोबर आहे ताई. म्हणून तर म्हणतो, सरकारनं तपासून द्यावं. मी तरी दोन एकरात लावीन. बाकी वावरात नाही. निंदणाच्या आठवड्यात तुमी येऊन पाह्यजा.

—

सरकी:

येईन. खरंच येईन.

काकांशी काल तासभर बोलले. चोर बीटी घेणार नाहीत. पोलिसांची भीती आहेच, पण त्यांना पटलं ते वेगळं. पाकिटावर नाव नाही, तर आतलं कोण सांगणार. कमी मुदतीचं वाण लावणार आहेत, डिसेंबरअखेर पराट्या उपटून वावर मोकळं करणार, फरदड नाही. पाणी असूनही नाही, हे त्यांच्या तोंडून ऐकायला मला पंधरा वर्षं लागली. निंदणासाठी काकू आणि शेजारच्या तिघी आळीपाळीने एकमेकींच्या वावरात जाणार.

कामगंध सापळे (मादीच्या गंधाने पतंग पकडणारे) हेक्टरी पाच, म्हणजे सात एकराला चौदा. सलग तीन रात्री एका सापळ्यात आठ किंवा जास्त पतंग दिसले तरच फवारा, हे मी वहीत लिहून देणार आहे, मोठ्या अक्षरात, काकांचा चष्मा जुना आहे. रविवारी रात्रीच्या गाडीने निघतेय. ल्यूर, म्हणजे सापळ्यातली गंधाची गोळी, सोबत नेते. ते उन्हात ठेवू नका, हेही वहीत लिहायचं आहे.